एक फूट, दोन पंच आणि पुन्हा पोहायला लावलेली शर्यत

या भागाची लेखी प्रत बऱ्याच जणांनी मागितली होती, कारण ऐकताना आकडे डोक्यात राहत नाहीत. बरोबर आहे, माझ्याही राहत नाहीत. म्हणून बोललो तसंच, थोडं नीट करून इथे टाकतोय.

सुरुवात एका एक्सेल शीटपासून. मी पोटापाण्यासाठी सॉफ्टवेअर लिहितो आणि रिकाम्या वेळी जुन्या ऑलिंपिकचे निकाल शीटमध्ये भरतो. छंद म्हणा, खाज म्हणा. तर पुरुषांच्या छोट्या अंतराच्या फ्रीस्टाइल शर्यतींचे 1904 ते 1912 मधले वेळ मी एकाखाली एक लिहीत होतो. 1 मिनिट 2.8 सेकंद. 28.0. 28.6. 1 मिनिट 5.8. 1 मिनिट 13.4. 1 मिनिट 5.6. 1 मिनिट 3.4. काही दिसतंय का? मला दिसायला बराच वेळ लागला. शेवटचा आकडा प्रत्येक ठिकाणी सम आहे. कुठे .3 नाही, .5 नाही, .7 नाही.

डेटात असं काही दिसलं की आमच्या धंद्यात पहिला संशय मोजणाऱ्या यंत्रावर जातो. आणि इथे तेच होतं. त्या काळातल्या स्टॉपवॉचचा काटा सरकत नव्हता, उड्या मारायचा. एका सेकंदात पाच उड्या. म्हणजे घड्याळाला सेकंदाचा पाचवा भाग कळायचा, 0.2 सेकंद. त्याच्या आतलं काही कळायचंच नाही. 28.1 हा वेळ कुणी पोहला असला तरी तो कागदावर येऊच शकत नव्हता.

आता ही 0.2 सेकंदाची गोष्ट लक्षात ठेवा. पुढे एका शर्यतीत त्यावरून मारामारी झाली आहे.

ठिकाण अमेरिकेतलं सेंट लुईस. साल 1904. हे ऑलिंपिक खरं तर शिकागोला मिळालं होतं, पण सेंट लुईसमध्ये त्याच वर्षी भलंमोठं जागतिक प्रदर्शन भरत होतं, त्यामुळे खेळ तिकडे नेले. झालं काय, की ऑलिंपिक हा त्या जत्रेतला एक तंबू होऊन बसला. युरोपातून तिथवर जायचं म्हणजे आधी बोटीने अटलांटिक, मग रेल्वेने अर्धी अमेरिका. बहुतेक देशांनी हात जोडले. परिणामी मैदानात यजमानच जास्त. खेळाडू त्यांचे, पंच बहुतेक त्यांचेच, प्रेक्षक तर त्यांचेच. याच ऑलिंपिकच्या मॅरेथॉनमध्ये फ्रेड लॉर्झ नावाचा गडी मधलं बरंच अंतर मोटारीत बसून आला आणि पहिला म्हणून मिरवला, तो किस्सा तुम्ही रीलमध्ये पाहिला असेल. तर एकूण कारभार असा.

पोहण्यासाठी तलाव बांधलेला नव्हता. प्रदर्शनाच्या आवारात एक कृत्रिम तळं होतं, जिथे एरवी बुडणाऱ्याला कसं वाचवायचं याची प्रात्यक्षिकं व्हायची. त्यातच शर्यती. सुरुवात एका तराफ्यावरून. पोहणारे त्यावर उभे राहिले की तो त्यांच्या वजनाने पाण्यात जायचा. विहिरीत पोहायला शिकलेल्यांना कल्पना येईल. काठावरच्या दगडावरून सूर मारणं वेगळं, आणि पायाखालचा आधारच खाली जात असताना सूर मारणं वेगळं. जोर लावायचा कशावर?

अंतरंही मीटरमध्ये नव्हती, यार्डात होती. 50 यार्ड, म्हणजे 45.72 मीटर. वळायचं नाही, भिंतीला लाथ मारून परत यायचं नाही. एका टोकाला सुटायचं, दुसऱ्या टोकाला हात लावायचा. अर्ध्या मिनिटाच्या आत खेळ खलास.

या शर्यतीतला माणूस होता झोल्तान हालमाय. हंगेरीचा, वय 23. त्याची गंमत बघा. चार वर्षं आधी, 1900 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये सेन नदीत हाच माणूस 4000 मीटर पोहून दुसरा आला होता. चार किलोमीटर! तोच आता 45 मीटरच्या शर्यतीला उभा. म्हणजे मॅरेथॉनवाल्याने शंभर मीटरला यावं तसं. आणि पोहण्याची तऱ्हाही जगावेगळी. तो सगळं काम हातांनी करायचा. पाय मागे ओढल्यासारखे, जवळजवळ स्वस्थ. आज कुठल्याही पोहण्याच्या क्लासमध्ये असं पोहलात तर सर काठावरून ओरडतील.

5 सप्टेंबरला हालमायने 100 यार्डांची शर्यत जिंकली, वेळ 1 मिनिट 2.8 सेकंद. दुसरा आला चार्ल्स डॅनियल्स, न्यूयॉर्कचा, जो पुढे अमेरिकेचा सर्वांत मोठा स्प्रिंटर झाला. तिसरा जे. स्कॉट लिअरी, सॅन फ्रान्सिस्कोचा.

दुसऱ्या दिवशी 50 यार्ड. नऊ स्पर्धक. एक हंगेरियन, आठ अमेरिकन.

अंतिम फेरीत हालमाय आणि लिअरी जवळजवळ एकत्र टोकाला पोचले. ऑलिंपिकच्या इतिहासात हा प्रसंग असा सांगतात : हालमाय साधारण एक फूट पुढे होता. पण अमेरिकन पंचाने निकाल दिला, लिअरी पहिला. त्यावरून वाजलं. नुसती तू-तू मैं-मैं नाही, हातघाईवर आलं. शेवटी पंचांनी मधला मार्ग काढला. दोघं बरोबरीत, आता दोघांनीच पुन्हा पोहायचं.

इथे मी थांबलो आणि कॅल्क्युलेटर काढला. 45.72 मीटर 28 सेकंदांत म्हणजे सेकंदाला सुमारे 1.63 मीटर. मग घड्याळाच्या एका उडीत, 0.2 सेकंदात, पोहणारा किती पुढे जातो? साधारण 33 सेंटीमीटर. आणि एक फूट म्हणजे किती? साडेतीस.

ज्या एका फुटावरून भांडण झालं, तो फूट त्या घड्याळाच्या एका उडीपेक्षाही लहान होता! त्यामुळे घड्याळाने यात साक्ष देणं अवघडच. दोन घड्याळं दोन लेनवर लावली असती आणि दाबणाऱ्यांनी अगदी अचूक दाबली असती, तरीही दोघांचा वेळ एकच दिसण्याची शक्यता होतीच. शिवाय दाबणारा माणूसच. डोळ्याने पाहिलं, मेंदूला कळलं, अंगठा हलला, यातच पाव सेकंद सहज जातो. फोटो फिनिश नाही, व्हिडिओ नाही. उरले फक्त पंचांचे डोळे. आणि तळ्याच्या काठावर उभं राहून, पाणी उडत असताना, कुणाचा हात आधी लागला हे ठरवणारा डोळा कुणाचा आहे याने फरक पडतो.

त्या पंचाने मुद्दाम केलं असं मी म्हणणार नाही. क्रिकेट बघताना आपल्यालाही आपल्या टीमविरुद्धचा एलबीडब्ल्यू कधी आउट वाटत नाही. आपण खोटं बोलत नसतो, आपल्याला खरंच तसं दिसतं. पण त्याच तळ्यात आणखी एक प्रकार झाला, तो इथे सांगायला हवा. रिले शर्यतीत जर्मनीचा संघ उतरणार होता. अमेरिकेकडून हरकत आली की हे चौघं एका क्लबचे नाहीत, देशभरातून निवडलेले आहेत. हरकत मान्य झाली, जर्मन बाहेर. मग पाण्यात राहिले फक्त अमेरिकन क्लब, आणि तिन्ही पदकं घरात. नियमात बसत असेलही. पण दोन्ही निकाल एकाच बाजूला झुकतात तेव्हा डेटावाल्या माणसाची भुवई वर जाते.

आता पुन्हा पोहायचं म्हणजे काय, ते जरा डोळ्यांसमोर आणा. तुम्ही जिंकला आहात. तुम्हाला ठाऊक आहे की तुम्ही जिंकला आहात. श्वास अजून ताळ्यावर आलेला नाही, भांडणाने डोकं तापलंय, आजूबाजूची भाषा तुमची नाही, आणि तुम्हाला सांगतात की पुन्हा त्या बुडत्या तराफ्यावर जा. माझ्या मते हा निकाल अन्यायाचाच होता. फक्त, लिअरीला सरळ सुवर्ण देऊन टाकण्यापेक्षा कमी अन्यायाचा.

हालमाय गेला. दुसऱ्यांदा वेळ 28.0 सेकंद. लिअरी 28.6. तीन उड्यांचा फरक, अंतरात जवळजवळ एक मीटर. आता कुणाच्याही डोळ्याला शंकेला जागा नव्हती. डॅनियल्स तिसरा.

लिअरीला खलनायक करू नका हं. तो बिचारा फक्त पोहला, निकाल त्याने दिला नव्हता. त्याच्या सॅन फ्रान्सिस्कोच्या क्लबात सिडनी कॅव्हिल नावाचा ऑस्ट्रेलियन प्रशिक्षक होता, आणि हे कॅव्हिल घराणं म्हणजे पोहण्यातलं घराणंच, गाण्यात असतं तसं. त्या घराण्यातला डिक कॅव्हिल सिडनीत एक नवी तऱ्हा पोहत होता. हात आळीपाळीने डोक्यावरून, आणि पाय वर-खाली झपाझप. ही तऱ्हा सिडनीत लोकांनी नीट पाहिली ती अ‍ॅलिक विकहॅम नावाच्या मुलामुळे, जो सॉलोमन बेटांवरून आला होता. तिकडच्या समुद्रात पोरं असंच पोहायची, त्यांना त्यात विशेष काही वाटत नव्हतं. त्याला पाहून काठावरचा एक प्रशिक्षक म्हणाला, बघा तो पोरगा कसा रांगतोय, आणि त्यावरून 'क्रॉल' हे नाव पडलं असं सांगतात. आज आपण ज्याला सरसकट फ्रीस्टाइल म्हणतो ते हेच. नियमात मात्र फ्रीस्टाइलचा अर्थ हवं तसं पोहा एवढाच, म्हणून तर हालमायचे निवांत पाय चालून गेले.

ते फार काळ चालले नाहीत. 1905 च्या डिसेंबरात व्हिएन्नात हालमायने 100 मीटर 1 मिनिट 5.8 सेकंदांत पार केले. पुरुषांच्या 100 मीटर फ्रीस्टाइलच्या जागतिक विक्रमांच्या अधिकृत यादीत हे पहिलं नाव. पण डॅनियल्सने क्रॉलमध्ये पायांचे ठोके बसवले, आणि 1906 ला अथेन्समध्ये तो पहिला, हालमाय दुसरा. वेळ 1 मिनिट 13.4! इतका हळू का? कारण तिथे शर्यत उघड्या समुद्रात होती. लंडनला 1908 मध्ये मुख्य स्टेडियमच्या आतच 100 मीटर लांबीचा टँक बांधला होता. तिथे डॅनियल्स 1 मिनिट 5.6, हालमाय 1 मिनिट 6.2. फरक पुन्हा तीन उड्यांचा, पण या वेळी उलट दिशेने. तळं, समुद्र, टँक. हे वेळ एकमेकांशेजारी ठेवून कोण भारी असं ठरवणं म्हणजे गावातल्या विहिरीतला विक्रम आणि बालेवाडीतला विक्रम एका तक्त्यात मांडणं.

लंडनच्याच रिलेमध्ये हालमाय शेवटच्या टप्प्यात पुढे होता, आणि मध्येच त्याची शुद्ध हरपायला लागली. वाकडातिकडा पोहत कसाबसा टोकाला पोचला, त्याला पाण्यातून ओढून काढावं लागलं. तोवर ब्रिटन पुढे गेलं होतं. त्या दिवशी पंचांना काही ठरवायची गरजच पडली नाही.

पण घड्याळ एकदम बरोबर असूनही लोकांनी ते मानलं नाही, असंही झालंय. 1911 चा ऑगस्ट, होनोलुलूचं बंदर. ड्यूक कहानामोकू नावाचा हवाईचा विशीतला पोरगा 100 यार्ड 55.4 सेकंदांत पोहला. विक्रमाच्या इतका पुढे, की अमेरिकेच्या मुख्य भूमीवरच्या खेळसंघटनेला पटेना. प्रवाहाची मदत झाली असेल, मोजणाऱ्यांचं चुकलं असेल. विक्रम नाकारला. पुढच्या वर्षी ड्यूक स्टॉकहोमला गेला. तिथेही गंमत झाली. वेळापत्रकाच्या घोळात अमेरिकन पोहणारे उपांत्य फेरीला हजरच राहिले नाहीत, मग त्यांच्यासाठी जादा फेरी घ्यावी लागली. ती जिंकून ड्यूकने अंतिम फेरीत 1 मिनिट 3.4 सेकंदांत सुवर्ण घेतलं. दुसरा आला ऑस्ट्रेलियाचा सेसिल हीली. सेंट लुईसच्या नियमाने चालले असते तर ड्यूक बाहेर असता, एवढंच म्हणतो.

तुम्हाला वाटेल, हे सगळं जुन्या काळातलं, पुढे सुधारलं असेल. तर रोम, 1960. पुरुषांची 100 मीटर फ्रीस्टाइल. ऑस्ट्रेलियाचा जॉन डेविट आणि अमेरिकेचा लान्स लार्सन. आता प्रत्येक लेनवर तीन-तीन घड्याळं. डेविटच्या तिन्ही घड्याळांवर 55.2. लार्सनच्या घड्याळांवर 55.0, 55.1, 55.1. सरळ आहे ना? नाही. कारण क्रमांक ठरवायचे पंचांच्या डोळ्यांनी. पहिला नंबर बघणाऱ्या तीन पंचांपैकी दोघं म्हणाले डेविट पहिला. दुसरा नंबर बघणाऱ्या तिघांपैकी दोघं म्हणाले डेविट दुसरा! म्हणजे तीन विरुद्ध तीन. मुख्य पंचाने डेविटच्या बाजूने कौल दिला, सुवर्ण त्याला गेलं. आणि मग लार्सनचा अधिकृत वेळ बदलून 55.2 केला, निकालाशी जुळावा म्हणून.

हे वाक्य मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मोबाइल खाली ठेवला. कारण असं मी स्वतः केलंय.

कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला आंतरमहाविद्यालयीन पोहण्याच्या स्पर्धेत मी स्वयंसेवक होतो. नियमाने प्रत्येक लेनला तीन माणसं हवीत, आमच्याकडे एकेक. माझ्याकडे चौथी लेन. 50 मीटर फ्रीस्टाइलची फायनल, आणि पाचव्या लेनमध्ये माझा रूममेट. मी बघत कुणाकडे असणार? रूममेट टोकाला येतोय म्हणून मी ओरडत होतो, आणि चौथ्या लेनवाल्याचा हात भिंतीला लागलेला मला थेट दिसलाच नाही. भान आलं तेव्हा अंगठा दाबला. घड्याळात 28.9. टेबलावरच्या सरांनी पाचव्या लेनला पहिला धरलं होतं, त्याचा वेळ 29.0. सर माझ्याकडे बघून म्हणाले, "अरे, तुझा जास्त असायला हवा ना? तो दुसरा आहे." मी म्हणालो, हो सर, 29.1. आणि लिहिलं.

उशिरा दाबूनही 28.9 होते. हे गणित मला तेव्हाही येत होतं. भांडण झालं नाही, मारामारी तर नाहीच. तो मुलगा टॉवेल गुंडाळून कागद बघायला आला, बघितला, आणि कपडे बदलायला गेला. रूममेटला मी हे परवा सांगितलं. तो आधी हसला, मग म्हणाला, "आता काय करू, मेडल परत देऊ? कुणाला?" दोघांनाही त्याचं नाव आठवत नव्हतं.

असो. तंत्राचं काय झालं ते सांगून संपवतो. 1968 पासून ऑलिंपिकमध्ये भिंतीवर स्पर्श ओळखणाऱ्या पट्ट्या आल्या. पोहणारा स्वतःच घड्याळ थांबवतो, मध्ये कुणाचा अंगठा नाही. मग मोजणं इतकं बारीक झालं की वेगळाच पेच उभा राहिला. म्युनिक 1972, 400 मीटर मिडले. स्वीडनचा गुन्नार लार्सन आणि अमेरिकेचा टिम मॅकी, दोघांत फरक 0.002 सेकंद. अंतरात तीन मिलिमीटर. अहो, तलावाच्या भिंती बांधतानाच लेनच्या लांबीत याहून जास्त फरक राहतो! कोण पुढे होता की कुणाची लेन छोटी होती, कसं कळणार? म्हणून त्यानंतर ठरलं की शंभराव्या भागापर्यंतच मोजायचं. त्यात सारखे आले तर बरोबरी. मुद्दाम कमी बारीक मोजायचं ठरवलं, हे मला एक इंजिनिअर म्हणून फार आवडतं. यंत्राला दिसतंय म्हणून ते खरं असतंच असं नाही, हे कुणीतरी कागदावर मान्य केलं.

आणि 50 यार्डांचं? ती शर्यत सेंट लुईसनंतर ऑलिंपिकमध्ये पुन्हा झालीच नाही. तिची मीटरवाली बहीण, 50 मीटर फ्रीस्टाइल, यायला 1988 चं सोल उजाडलं. चौऱ्याऐंशी वर्षं! मधल्या काळात, 1972 ला, जर्मनीतल्या हायडेलबर्गच्या पॅरालिंपिकमध्ये मात्र 50 मीटर फ्रीस्टाइल होती, आणि ती जिंकली होती सांगली जिल्ह्यातल्या मुरलीकांत पेटकरांनी. 'चंदू चॅम्पियन' पाहिलेल्यांना माहीत आहेच.

सिडनी 2000. पुरुषांची 50 मीटर फ्रीस्टाइल. अमेरिकेचे अँथनी अर्विन आणि गॅरी हॉल ज्युनिअर, दोघंही 21.98. पंच पळत आले नाहीत, कुणी कुणाची गचांडी धरली नाही, पुन्हा पोहा असंही कुणी म्हटलं नाही. दोन सुवर्णपदकं आणली आणि दोघांच्या गळ्यात घातली.

पुढचा भाग दोन आठवड्यांनी. आणि तुमच्यापैकी कुणी शाळा-कॉलेजच्या स्पर्धेत स्टॉपवॉच घेऊन उभं राहिलं असेल तर मला व्हॉइस नोट पाठवा. नाव सांगितलं नाही तरी चालेल.